रिळाच्या तोंडाशी उभा माणूस

प्रिय अन्वी आणि निहार,

मागच्या रविवारी फोनवर निहारनं विचारलं, "आजी, आई म्हणते तू ऑफिसात पिक्चरचा वास घ्यायचीस. इज दॅट अ रिअल जॉब?" मागून अन्वीचं हसू ऐकू आलं. मी म्हटलं, हो, अगदी खरी नोकरी, हेल्थ इन्शुरन्ससकट. पण फोनवर ते नीट सांगता येईना.

तुम्ही हर्नडन सोडून पुण्याला गेलात त्याला वर्ष झालं. आता तुम्ही मराठी सरळ वाचता, असं तुमची आई सांगते. इकडे अमेरिकेत माझी नोकरी जूनमध्ये संपली आणि आमचं ते ठिकाण आता दुसऱ्या गावी हलतंय. त्यात इथल्या महाराष्ट्र मंडळाच्या दिवाळी अंकाच्या संपादकबाईंनी 'काकू, या वर्षी तरी लिहाच' असा धोशा लावला आहे. म्हणून हे आत्ता लिहिते. आणखी एक कारण आहे. या कामात माझ्या हातून एक चूक झाली. ती तुम्हाला माझ्याकडूनच कळलेली बरी.

आमची संस्था जुन्या फिल्म सांभाळायची. इमारत बाहेरून शेजारच्या सॉफ्टवेअर कंपन्यांसारखीच, काचेची आणि कंटाळवाणी. त्या कंपन्यांतली आपल्या मंडळातली मुलं दुपारी पार्किंग लॉटमध्ये भेटली की विचारायची, "काकू, आज कोणता पिक्चर?" मी कधी 'बेचाळीस साली ओहायोत भरलेलं गुरांचं प्रदर्शन' असं सांगायचे, कधी 'दात कसे घासावेत'. त्यांना वाटायचं मी थट्टा करते.

२००१ साली तुमच्या आजोबांची कंपनी बंद पडली तेव्हा मी ही नोकरी धरली. जाहिरातीत तीन गोष्टी मागितल्या होत्या: स्थिर हात, स्वच्छ अक्षर आणि शांत बसायची सवय. मी आजोबांना म्हटलं, ही जाहिरात माझ्या पुण्याच्या कॉन्व्हेंट शाळेतल्या सिस्टरनंच लिहिलेली असणार. केमिस्ट्रीची पदवी होती, बारा वर्षं शाळेत शिकवल्याचा अनुभव होता. मुलाखतीला आमचा साहेब रॉन यानं माझ्यासमोर एक डबा उघडला आणि विचारलं, "काय वाटतं?" मी म्हटलं, "व्हिनेगर." तो म्हणाला, "सोमवारपासून या."

फिल्म ही प्लॅस्टिकची पट्टी असते. त्या काळातलं प्लॅस्टिक म्हातारं झालं की आंबतं आणि त्याला व्हिनेगरचा वास सुटतो. एक डबा आंबला की शेजारचेही आंबायला लागतात. म्हणून आलेला प्रत्येक डबा आधी उघडायचा, वास घ्यायचा, कार्डावर नोंद करायची. मग सुती हातमोजे घालून रीळ टेबलावर चढवायचं. टेबलाच्या मधोमध दुधी काच, काचेखाली दिवा. डाव्या चाकावरून फिल्म उजव्या चाकावर हातानं गुंडाळत न्यायची आणि दोन बोटांत तिची कड धरून ठेवायची. कडेला भोकं असतात. एखादं फाटलं असेल तर डोळ्यांच्या आधी बोटांना कळतं. हजार फुटांचं रीळ बघायला अर्धा दिवस जायचा. घाई करणाऱ्याचं ते काम नव्हे.

बहुतेक फिल्म निगेटिव्ह असायच्या, म्हणजे काळ्याच्या जागी पांढरं आणि पांढऱ्याच्या जागी काळं. पांढऱ्या केसांच्या तरुण मुली काळे दात दाखवून हसताहेत, आकाशात काळा सूर्य आहे, झाडांच्या सावल्या दुधासारख्या सांडल्या आहेत. पहिल्या हिवाळ्यात मला स्वप्नंही तशीच पडायला लागली. घराबाहेर काळं बर्फ पडतंय आणि त्यातून माझी आई पांढऱ्या केसांचा अंबाडा घालून तरुण चेहऱ्यानं येते आहे, असं काहीतरी. दुपारी घरी येताना टोल रोडच्या कडेचे मेपल वृक्ष मी मनात उलटे करून बघायचे. गाडी जपून चालव, एवढंच आजोबा म्हणायचे.

माणसंही तऱ्हेतऱ्हेची यायची. एक बाई दर मंगळवारी फोन करून आपली फिल्म 'आज कशी आहे' विचारायच्या, दवाखान्यात ठेवलेल्या माणसाची करावी तशी चौकशी. दोन भावांनी वडिलांची एकुलती एक फिल्म बरोबर मधोमध कापून वाटून घेतली होती. थोरला एका वर्षी अर्धी घेऊन आला, धाकटा त्यानंतर दोन वर्षांनी. मी दोन्ही सांधल्या तेव्हा कळलं की कात्री वाढदिवसाच्या केकवरून गेली होती. धाकट्याला तसं सांगितलं, तर तो शांतपणे म्हणाला, "केक त्याचाच होता."

आता त्या चुकीकडे येते. त्यासाठी आमची एक पद्धत सांगायला हवी. रिळाची सुरुवातीची दहा-बारा फूट फिल्म सगळ्यात आधी खराब होते. ती वाळते, वळते आणि यंत्रात अडकून पुढची फिल्म फाडते. त्यात कामाचं चित्र नसेल तर तेवढा तुकडा कापायचा, पुढे कोरी पट्टी जोडायची आणि कापलेलं पिंपात टाकायचं. पिंप महिन्याला रिकामं व्हायचं. सुरुवातीला बहुधा उजेडाच्या चाचण्याच असतात. कुणीतरी फळा धरून उभा असतो, त्याच्यावर दिवे मारून बघतात आणि मग खरं चित्रण सुरू होतं. आमच्या भाषेत त्या तुकड्यात 'चित्र' नसायचं. काय कापलं ते कार्डावर लिहायचं. मी ते फार नेटकेपणानं लिहायचे.

२००४ च्या पानगळीत उर्सुला आली. मिशिगनमधल्या ट्रॉय गावची, शाळेत ग्रंथपाल होती, वय पंचावन्न-छप्पन. दहा तास स्वतः ड्राइव्ह करून आली होती. चौदा डबे मागच्या सीटवर ठेवून त्यांना सीटबेल्ट लावला होता. डब्यांवर शाईनं मुंबईचा पत्ता होता. तो वाचून रॉननं मला बोलावलं.

ते डबे तिच्या वडिलांचे होते. त्यांचं नाव ऑटो. जर्मन सिनेमॅटोग्राफर, म्हणजे चित्रपटात प्रकाश कसा पडेल आणि कॅमेरा काय बघेल हे ठरवणारा माणूस. बर्लिनमध्ये फिल्म धुण्याच्या खोलीत ते काम शिकले आणि तरुणपणी तीन वर्षांच्या करारावर मुंबईच्या एका स्टुडिओत आले. राहिले वीस वर्षं. मधे दुसरं महायुद्ध सुरू झालं आणि इंग्रज सरकारनं त्यांना शत्रूच्या देशातला म्हणून छावणीत डांबलं. तिथे सहा वर्षं कॅमेरा हातात नव्हता. बराकीच्या भिंतीवर ऊन कसं सरकतं ते ते रोज बघत बसायचे आणि कोळशानं भिंतीवर खुणा करायचे. सुटल्यावर पुन्हा त्याच स्टुडिओत गेले. लग्न झालं, उर्सुला झाली. १९५०च्या दशकाच्या मध्यावर कुटुंब अमेरिकेत आलं, पण इथल्या चित्रपटधंद्यात त्यांना कुणी शिरू दिलं नाही. शेवटची वर्षं त्यांनी डेट्रॉइटच्या मोटार कारखान्यांसाठी माहितीपट काढले. उर्सुला म्हणाली, बंपरवर इतका सुंदर उजेड त्यानंतर कुणी पाडला नाही. ती अकरा वर्षांची असताना ते गेले.

डब्यांत त्यांची मुंबईतली शेवटची काही वर्षं होती. चित्रपट संपला की उरलेल्या फिल्मचे तुकडे ते घरी आणायचे आणि त्यांच्यावर स्वतःचे उजेडाचे प्रयोग करायचे.

आम्ही इंग्रजीत बोलत होतो, पण तिचं एक वाक्य मला मराठीत झाल्यासारखं आठवतं. ती म्हणाली, "त्यांचा चेहरा फोटोत आहे. पण ते हलायचे कसे, चालायचे कसे, हे मी विसरले. चौदा डब्यांत कुठेतरी ते स्वतः असतील का?" कॅमेऱ्यामागचा माणूस कॅमेऱ्यापुढे सहसा येत नाही, हे तिलाही माहीत होतं. मी म्हटलं, डोळ्यांत तेल घालून शोधीन.

आणि शोधलं. तो हिवाळा माझ्या नोकरीतला सगळ्यात सुंदर हिवाळा. खिडकीबाहेर बर्फ आणि काचेवर मुंबई. केळीच्या पानातून गाळून आलेला उजेड एका भिंतीवर पसरलेला, तीन मिनिटं दुसरं काही नाही. पाण्याच्या हौदाचं हलतं प्रतिबिंब छतावर. एक नटी पाठमोरी बसून केस विंचरते आणि तिच्या मानेवर दिवा हळूहळू चढत जातो, जणू कुणी तो श्वासानं वर फुंकतंय. मी रीळ फिरवायचे आणि ती बाई एकेका चौकटीनं मान वळवायची. पूर्ण वळायच्या आधीच फिल्म संपायची. कित्येकदा मी चहा घ्यायला उठायची विसरले.

एखादा युरोपियन दिसतो का, हे मी प्रत्येक डब्यात बघत होते. कोट, हॅट, निदान शर्ट-पँट. नऊ डबे झाले, कुणी नाही. नऊही डब्यांच्या सुरुवातीला नेहमीसारखी चाचणी होती. फिल्म निगेटिव्ह, त्यातून प्रकाश लागून खराब झालेली, तिच्यात पायजमा आणि सदरा घातलेला, डोक्याला ओला पंचा गुंडाळलेला एक माणूस छातीशी फळा धरून उभा. स्टुडिओतला कुणी लाइटमन. मी पंचा बघितला आणि पुढे बघितलंच नाही. तुकडे फार वळले होते. नऊही वेळा कापले आणि कार्डावर लिहिलं: 'सुरुवातीचे बारा फूट काढले. चाचणी. अज्ञात कामगार. चित्र नाही.'

एप्रिलमध्ये उर्सुला काम कुठवर आलं ते बघायला आली. मी डब्यातून उपमा नेला होता, आम्ही दोघी बाहेर बाकावर बसून जेवलो. लहानपणीच्या आयाकडून शिकलेले दोन शब्द तिला अजून येत होते, 'हळूहळू' आणि 'बस खाली'. मी पाणी ओतायला उठले की मला म्हणायची, "बस खाली."

बोलता बोलता ती वडिलांच्या एका सवयीबद्दल सांगायला लागली. बर्लिनमध्ये शिकलेला उजेड गोऱ्या चेहऱ्यांसाठी होता. मुंबईत आल्यावर तोच उजेड लावला तर चेहरे सपाट यायचे, म्हणून स्टुडिओवाले नटांना पांढरी पावडर फासायचे. ऑटोंनी ती पावडर बंद करवली आणि उजेड बदलला. त्यासाठी त्यांनी एक लाकडी फळा अर्धा चहाच्या रंगानं, तिथल्या चेहऱ्यांसारखा, रंगवला होता. तिची आई रोज वेगवेगळ्या कडकपणाचा चहा करून तो रंग जुळवून द्यायची. कोणत्याही नटाला दिव्यांखाली उभं करायच्या आधी तो फळा छातीशी धरून ते स्वतः तिथे उभे राहायचे. दिव्यांची आच भयंकर असायची. आपण जी सोसली नाही ती दुसऱ्याला सोसायला सांगायची नाही, असा त्यांचा नियम होता.

"सुटात कसं जमायचं?" मी विचारलं.

ती हसली. "सूट पहिल्या वर्षीच गेला. पायजमा घालायचे आणि डोक्याला ओला टॉवेल. आई म्हणायची, हा माझा नवरा की स्टुडिओचा हमाल?"

मी उपम्याचा डबा बंद केला. त्यानंतरचे दोन दिवस ती वॉशिंग्टनला चेरीचा बहर बघायला जाणार होती आणि गुरुवारी उरलेले पाच डबे माझ्याबरोबर बसून बघणार होती.

ती गेल्यावर मी पिंपाकडे गेले. आदल्या आठवड्यात ते रिकामं झालं होतं. तरी मी हात घालून तळ चाचपला. मग रॉनच्या खोलीत जाऊन सांगितलं. रॉन वाईट माणूस नव्हता. त्यानं माझी नऊ कार्डं वाचली आणि म्हणाला की मी नियमाप्रमाणेच वागले आहे. तिला हे सांगून तिचा फायदा काय? तुकडे परत येणार नाहीत, तिला फक्त दुःख होईल. शिवाय संस्थेला वकिलाचं पत्र येईल ते वेगळंच. शेवटी म्हणाला, "हे तिला कधी कळणार नाही."

तेच खरं होतं. ती कार्डं कुणी वाचत नाही.

ते दोन दिवस मला कठीण गेले. घरी तुमचे आजोबा म्हणाले की तुझी चूक एवढीच, की तुला तो गोरा आहे हे ओळखता आलं नाही. त्यावर मी रात्रभर नाही, पण स्वयंपाक होईपर्यंत विचार केला. ते मला पटलं नाही. समजा, तो खरंच लाइटमन असता. मग त्याला पिंपात टाकणं बरोबर होतं का? त्याचीही कुठेतरी मुलगी असेल, तिच्याकडे तर फोटोसुद्धा नसेल. 'अज्ञात कामगार, चित्र नाही' असं मी नऊ वेळा, माझ्या सुरेख अक्षरात लिहिलं होतं. समोर माणूस दिसत असताना. कॉन्व्हेंटमध्ये शिकले, पदवी घेतली, पण पंचा दिसला की नजर पुढे सरकते ही सवय मी पुण्याहून इथवर आणली होती, कस्टममध्ये कुणी न अडवता.

गुरुवारी उर्सुला टेबलापाशी बसली. मी दहावा डबा तसाच मिटून ठेवला आणि तिला सगळं सांगितलं. पद्धत, पंचा, कात्री, पिंप. कार्डंही तिच्यापुढे ठेवली.

तिनं ती सगळी वाचली. मग विचारलं, "नऊ?"

"नऊ."

ती उठून खिडकीपाशी गेली. मला वाटलं आता निघून जाईल. पण ती परत येऊन बसली आणि म्हणाली, "मग त्यांना पाहिलेली तूच आहेस. सांग, कसे होते?"

हे माझ्या ध्यानातच आलं नव्हतं. मी डोळे मिटले. हातांना आठवण राहते म्हणून दोन बोटं कडेवर धरावी तशी धरली. तिसऱ्या डब्यात ते उजवीकडे कुणाशी तरी बोलत होते, तोंड उघडं, फळा तिरका झालेला. पाचव्यात बाहीनं कपाळ पुसत होते. सहाव्यात एक पाय दुसऱ्या पोटरीवर घासत होते, डास चावल्यासारखा. नवव्यात फळा डोक्यावर धरून वर बघत होते, दिव्याकडे, लहान मूल पतंगाकडे बघतं तसं. एवढं सांगितलं आणि थांबले.

"आणि बाकीचे?" तिनं विचारलं.

काहीतरी बनवून सांगता आलं असतं. मी म्हटलं, "आठवत नाहीत. मी त्यांच्याकडे पाहिलंच नाही."

तिनं मान हलवली. ती रडली नाही आणि माफ केलं असंही म्हणाली नाही. माझ्या खोक्यातलं एक कोरं कार्ड घेऊन माझ्यापुढे सरकवलं आणि म्हणाली, "ते चार लिहून दे. याच अक्षरात." मी लिहिले. मग तिनं स्वतः दहाव्या डब्याचं झाकण उघडलं आणि त्याचा वास घेतला.

पाचांतल्या दोन डब्यांतल्या फिल्मचे थर आंबून एकमेकांना चिकटले होते, ते उलगडलेच नाहीत. उरलेल्या तिन्ही डब्यांच्या तोंडाशी ऑटो उभे होते. मी एकेक फूट फिल्म इतकी सावकाश फिरवली की दुपार झाली. ती काचेवर वाकून "हळूहळू, हळूहळू" पुटपुटत होती, मला की त्यांना, ते कळलं नाही. त्या तुकड्यांची सुलटी प्रत काढून पुढच्या महिन्यात आम्ही तिला पडद्यावर दाखवली. ऑटो चौकटीत येतात, डावा खांदा जरा पुढे काढून, झोपेतून उठल्यासारखे चालतात, फळा धरतात, थांबतात. तिनं ते अकरा वेळा लावायला सांगितलं. दिवे लागल्यावर ती दारापर्यंत गेली. तिचाही डावा खांदा जरा पुढे होता. मी ते तिला सांगितलं नाही. तिला दिसलं असणार.

त्या वर्षापासून आमच्याकडे कापलेला प्रत्येक तुकडा पाकिटात घालून डब्याबरोबर ठेवायला लागले. रॉननं तो नियम माझ्या सांगण्यावरून केला, पण त्याखाली माझं नाव घालू नको असं मी म्हटलं. माझी ती नऊ कार्डं मी बदलली नाहीत. खाली तारीख घालून फक्त ऑटोंचं नाव आणि 'कापणाऱ्याची चूक' एवढं जोडलं.

उर्सुला अजून ट्रॉयला असते. नाताळाला कार्ड पाठवते, मी तिला संक्रांतीला तिळगूळ पाठवते. आमची मैत्री आहे असं मी म्हणणार नाही. ज्याच्यामुळे आपलं काही गेलं आणि ज्याच्याजवळच त्यातलं थोडं राहिलं, अशा माणसाशी जे असतं ते आहे.

तर निहार, नोकरी खरी होती. आता त्यातलं काय शिल्लक आहे ते सांगते. पाच डब्यांच्या सुरुवातीचं काहीच नाही. चार डब्यांच्या सुरुवातीचं माझ्या अक्षरातलं एक कार्ड आहे, ते उर्सुलाकडे असतं. दोन डबे चिकटलेले आहेत आणि थंड खोलीत ठेवले आहेत. तीन डब्यांतले मिळून एकोणीस सेकंद चांगल्या स्थितीत आहेत. त्यांतल्या एका तुकड्यात ऑटोंच्या उजवीकडे चमकता पत्रा धरून उजेड फिरवणारा एक माणूस उभा आहे. त्याचं नाव कुणालाही माहीत नाही. चेहरा स्पष्ट दिसतो, आणि तसं कार्डावर लिहिलं आहे.